साक्षीदाराची बाजू

नोंदीचे मोल काय असते हे खानदेशाला नव्याने समजावून सांगण्याची गरज नाही. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी दर रविवारी गीतेवर प्रवचने दिली. ती ऐकून जशीच्या तशी उतरवून घेणारे साने गुरुजी त्याच तुरुंगात होते, म्हणून ‘गीता प्रवचने’ हा ग्रंथ महाराष्ट्राला लाभला. आसोद्यात जन्मलेल्या आणि जळगावात नांदलेल्या बहिणाबाई चौधरींना अक्षरओळख नव्हती. शेतात आणि जात्यावर त्यांना सुचलेली गाणी सोपानदेवांनी व घरच्या माणसांनी लिहून ठेवली नसती, तर १९५२ साली प्रसिद्ध झालेला तो संग्रह निघालाच नसता. इतिहासाचार्य राजवाडे गावोगाव हिंडून दप्तरे गोळा करीत, आणि त्यांच्या निधनानंतर त्यांचा संग्रह जपण्यासाठी धुळ्यातच राजवाडे संशोधन मंडळ उभे राहिले. ज्यांनी ऐकले, पाहिले, लिहून ठेवले आणि स्वतः मात्र बाजूला राहिले, अशा माणसांचे ऋण या प्रदेशावर मोठे आहे.

हेच काम लेखणीऐवजी कॅमेऱ्याने करणाऱ्या एका माणसाच्या कारकीर्दीचा विचार येथे करावयाचा आहे. त्यांचे नाव आनंद पटवर्धन. ते खानदेशचे नव्हेत, मुंबईचे. परंतु तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातील नर्मदाकाठची गावे पाण्याखाली जाऊ लागली, त्या काळात सातपुड्यात जाऊन त्या गावांच्या लढ्याचे चित्रण करणाऱ्यांत ते होते. त्यांनी आणि सिमंतिनी धुरू यांनी मिळून केलेला ‘ए नर्मदा डायरी’ हा अनुबोधपट १९९५ साली पुरा झाला. त्यात दिसणाऱ्या भूमीपैकी मोठा भाग आज सरदार सरोवराच्या जलाशयाखाली आहे. म्हणून या माणसाने काय पाहिले, कसे पाहिले आणि पाहणाऱ्याने बाजू घ्यावी की नाही, हा प्रश्न खानदेशाच्या दृष्टीने केवळ चित्रपटकलेचा राहत नाही.

अनुबोधपटाची परंपरा आपल्याकडे फार जुनी आहे आणि तिचा आरंभही एका मराठी माणसाने केलेला आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईतील एका कुस्तीचे चित्रण केले. १९०१ साली केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्या स्वागताचेही चित्रण त्यांनी केले. स्वातंत्र्यानंतर १९४८ साली सरकारने फिल्म्स डिव्हिजन स्थापन केली. धुळे-जळगावच्या चित्रपटगृहांत मुख्य चित्रपट सुरू होण्याआधी दाखविले जाणारे तिचे वार्तापट आणि अनुबोधपट जुन्या पिढीला चांगले आठवत असतील. धरणे उभी राहात होती, कारखान्यांची धुराडी दिसत होती, नेते फिती कापीत होते, आणि पडद्यामागून एक भारदस्त आवाज त्या सर्वांचा अर्थ सांगत होता. या संस्थेत गुणी माणसे होती आणि काहींनी चौकट मोडून उत्तम कामही केले. पण सर्वसाधारण रीत अशी होती की, पडद्यावरचा शेतकरी मुका असे आणि त्याच्या वतीने सरकार बोले.

या रीतीला जगभर धक्का बसला तो १९६० च्या सुमारास. तोपर्यंत ध्वनिमुद्रणासह चित्रण करावयाचे म्हणजे अवजड यंत्रसामग्री हवी, दिवे हवेत, माणसांचा ताफा हवा. खांद्यावर पेलता येईल असा १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि बरोबर नेता येईल असे ध्वनिमुद्रण यंत्र आले, तेव्हा दोघे-तिघे कोठेही जाऊन समोर घडते ते, बोलले जाते ते, जागच्या जागी टिपू लागले. अमेरिकेत रॉबर्ट ड्रू, रिचर्ड लीकॉक आदींनी १९६० साली ‘प्रायमरी’ हा निवडणुकीवरील पट केला. पुढे फ्रेडरिक वाइझमन यांनी इस्पितळे, शाळा, कचेऱ्या यांच्या आत कॅमेरा नेला. निवेदन नाही, पार्श्वसंगीत नाही, मुलाखती नाहीत, केवळ निरीक्षण, अशी ही पद्धत. तिचे मोठे गुण असे की, सामान्य माणसाला तिने त्याचा स्वतःचा आवाज दिला आणि प्रेक्षकाला स्वतःच्या डोळ्यांनी पाहून मत बनविण्याचा अधिकार दिला. परंतु तिच्यातून एक भ्रमही जन्मला. कॅमेरा म्हणजे भिंतीवरची माशी, तिला मत नसते, बाजू नसते, असा तो भ्रम. पटवर्धन यांनी या पद्धतीतील धीर घेतला आणि हा भ्रम मात्र नाकारला. त्यांच्या साऱ्या कारकीर्दीचे सूत्र येथे सापडते.

आनंद पटवर्धन यांचा जन्म १९५० चा. समाजवादी चळवळीशी परिचय असणाऱ्यांना त्यांचे घराणे अपरिचित नाही. रावसाहेब आणि अच्युत पटवर्धन हे त्यांचे काका. काँग्रेस समाजवादी पक्षाच्या संस्थापकांपैकी असलेल्या अच्युतरावांचे १९४२ च्या भूमिगत लढ्यातील कार्य सर्वश्रुत आहे. पुतण्याने मुंबईच्या एल्फिन्स्टन महाविद्यालयातून इंग्रजी साहित्याची पदवी घेतली, अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्राचा अभ्यास केला, तेथे व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या चळवळीत भाग घेतला आणि सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेबरोबर काही काळ कामही केले. परत आल्यावर मध्य प्रदेशातील होशंगाबाद जिल्ह्यात ‘किशोर भारती’च्या ग्रामीण शिक्षणाच्या प्रयोगात ते सामील झाले. म्हणजे कॅमेरा हाती येण्यापूर्वी ते कार्यकर्ते होते. त्यांच्या बाबतीत हा क्रम महत्त्वाचा आहे.

१९७४ साली जयप्रकाशांचे आंदोलन बिहारमध्ये पेटले तेव्हा ते तेथे गेले. ४ नोव्हेंबरच्या पाटण्यातील निदर्शनावर पोलिसी अत्याचार होणार हे दिसत होते आणि त्याचा पुरावा राहावा म्हणून चित्रण करण्याचे काम त्यांच्याकडे आले. साधने काय होती? घरगुती वापराचा, उसना मिळालेला सुपर-८ कॅमेरा. त्यावर टिपलेले चित्र पडद्यावर टाकून ते पुन्हा १६ मिलिमीटर फितीवर घ्यायचे, असा सारा खटाटोप. त्या दिवशी जयप्रकाशांवरही लाठी चालली. या चित्रणातून ‘क्रांती की तरंगें’ हा पट तयार झाला आणि लागलीच आणीबाणी आली. चित्रपट दाखविणे हाच गुन्हा ठरणार होता. प्रत तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर नेण्यात आली, बाहेर पुन्हा जोडण्यात आली आणि परदेशांतील भारतीयांपुढे व लोकशाहीवाद्यांपुढे दाखविण्यात आली. पुढे १९७८ साली त्यांनी ‘ज़मीर के बंदी’ हा राजकीय कैद्यांवरील पट केला. आणीबाणीतील तुरुंगवासाची हकीकत सांगून तो थांबत नाही. आणीबाणीच्या आधीही राजकीय कैदी होते आणि ती उठल्यावरही सारे सुटले नाहीत, हे तो दाखवितो. आपल्या बाजूचे सरकार आले म्हणून साक्ष थांबवावयाची नसते, हा धडा त्यात आहे आणि तो सर्व पक्षांच्या कार्यकर्त्यांनी घ्यावा असा आहे.

कॅनडातील मॅकगिल विद्यापीठात असताना तेथील हिंदी शेतमजुरांच्या संघटनेवर त्यांनी जिम मन्रो यांच्यासह ‘ए टाइम टु राइज’ (१९८१) केला. मग आला १९८५ चा ‘हमारा शहर’. मुंबईच्या फुटपाथवरील आणि झोपडपट्ट्यांतील माणसांची घरे महापालिका पाडीत होती, तो काळ. रंजन पालित यांच्यासारख्या छायाचित्रकाराचे त्यात मोठे साहाय्य होते. या चित्रपटात एक प्रसंग असा आहे की, अनुबोधपटाचे काम करू इच्छिणाऱ्या प्रत्येकाने तो पाहावा. घर पाडले गेलेली एक बाई संतापून कॅमेऱ्याकडेच वळते आणि विचारते की, गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव मिळवाल, आमचे काय होणार? दुसरा कोणी दिग्दर्शक असता तर हा तुकडा संकलनाच्या टेबलावर गळून पडला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. त्या बाईला त्यांनी उत्तर दिलेले नाही, कारण चित्रपटाच्या आत त्याचे उत्तर नसतेच. ते नंतरच्या वागण्यातून द्यावयाचे असते. चित्रपट पुरा झाल्यावर दिग्दर्शक त्या वस्तीत पुन्हा जातो की नाही, तेथे तो दाखवितो की नाही, तेथील लढ्यात उभा राहतो की नाही, यावरून ते ठरते. याच चित्रपटात विलास घोगरे नावाचा एक लोकशाहीर गातो. त्याच्याकडे पुढे परत यावे लागेल.

१९९० साली सोमनाथहून निघालेल्या रथयात्रेच्या आणि अयोध्येतील कारसेवेच्या काळात ‘राम के नाम’चे चित्रण झाले. बाबरी मशीद पाडली जाण्यापूर्वीच तो तयार होता. म्हणजे जे पुढे घडले त्याची पूर्वसूचना त्यात नोंदलेली आहे. जळगावकरांना याचे महत्त्व अधिक कळावे. मे १९७० मध्ये भिवंडीपाठोपाठ जळगावात दंगल उसळली. भिवंडी, जळगाव आणि महाड येथील दंगलींची चौकशी न्यायमूर्ती मादन यांच्या आयोगाने केली आणि दंगल अचानक उसळत नसते, तिची पूर्वतयारी होत असते, हे त्या अहवालाच्या पानोपानी दिसून येते. आयोगाचा अहवाल घटनेनंतर येतो आणि तो फार थोडे लोक वाचतात. ‘राम के नाम’मध्ये ती पूर्वतयारी चालू असतानाच दिसते. घोषणा कोण देतो, पैसा कोठून येतो, ज्याला जन्मस्थानाचा इतिहास ठाऊक नाही तोही प्राण द्यायला कसा तयार होतो, हे सारे माणसे स्वतःच्या तोंडाने सांगतात. न्यायालयाने नेमलेले रामजन्मभूमीचे पुजारी लालदास त्यात शांतपणे म्हणतात की, हा सारा व्यवहार मतांसाठी आणि पैशासाठी चालला आहे. नोव्हेंबर १९९३ मध्ये लालदासांची गोळ्या घालून हत्या झाली. त्यांचे म्हणणे आज ऐकावयाचे असेल तर त्या चित्रपटाकडेच जावे लागते.

आता नर्मदाकाठाकडे यावे. सरदार सरोवराच्या जलाशयात महाराष्ट्राची ३३ गावे जाणार होती. अक्कलकुवा आणि अक्राणी या दोन तालुक्यांतील ही भिल्ल-पावरा वस्तीची गावे १९९८ सालापर्यंत धुळे जिल्ह्यात होती, त्यानंतर ती नव्या नंदुरबार जिल्ह्यात गेली. नर्मदा पाणी तंटा लवादाचा निवाडा १९७९ चा. जमिनीला जमीन, खातेदाराला किमान दोन हेक्टर आणि बुडण्यापूर्वी पुनर्वसन, अशी त्याची तत्त्वे होती. कागदावर निवाडा चांगला होता. पण सातपुड्यातील आदिवासी पिढ्यान्‌पिढ्या जी नेवाडाची जमीन कसत आले तिचा सातबारा त्यांच्या नावावर नव्हता. सरकारच्या लेखी ते अतिक्रमणदार होते. ज्याच्यापाशी कागद नाही त्याची जमीनही नाही, आणि ज्याची जमीन नाही त्याचे पुनर्वसनही नाही, असा हा हिशेब होता. जिल्ह्याचे ठिकाण धुळे. डोंगर उतरून, पायी चालून, मग एसटी धरून तेथील कचेरीपर्यंत पोहोचणे आणि तेथे मराठीत लिहिलेल्या नोटिशीचा अर्थ विचारणे, हेच मुळी एका पावऱ्याच्या दृष्टीने परराष्ट्रात जाण्यासारखे होते.

अक्कलकुवा तालुक्यातील मणिबेली हे महाराष्ट्रातील पहिले बुडणारे गाव. १९९३ च्या पावसाळ्यात तेथे पाणी चढले. शूलपाणेश्वराचे जुने मंदिरही पुढे जलाशयाखाली गेले. जागतिक बँकेने १९८५ साली या प्रकल्पाला ४५ कोटी डॉलर्सचे कर्ज मंजूर केले होते. बँकेनेच नेमलेल्या मोर्स समितीने १९९२ साली पुनर्वसन आणि पर्यावरण या दोन्ही बाबतींत प्रकल्पाला दोषी ठरविले आणि मार्च १९९३ मध्ये उरलेल्या कर्जावर पाणी सोडण्यात आले. तरी काम थांबले नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये धुळे जिल्ह्याच्या नर्मदाकाठी सरकारी सर्वेक्षणाला विरोध करणाऱ्या गावकऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार केला. त्यात रेहमल पुन्या वसावे हा १५ वर्षांचा मुलगा ठार झाला. अयोध्येत लालदास आणि सातपुड्यात रेहमल, दोघेही एकाच महिन्यात गेले. एकाचे नाव इंग्रजी पत्रांत थोडेफार आले. दुसऱ्याचे नाव आंदोलनाच्या बाहेर आज किती जणांना सांगता येईल?

‘ए नर्मदा डायरी’ ही या वर्षांची रोजनिशी आहे. सुमारे तासाभराचा हा पट, पण त्याच्यामागे पाच वर्षांचे येणे-जाणे आहे. मोठा ताफा नाही, दिवे नाहीत, गावात दोघेजण येतात, राहतात, पुन्हा येतात. सिमंतिनी धुरू यांचा या कामातील वाटा बरोबरीचा आहे आणि तो विसरता कामा नये. कॅमेरा सारखा भाषणांमागे धावत नाही. घरे, नदी, पेरणी, होळीचा सण, मोर्चा, पोलीस, बैठका, हे सारे आदिवासी जीवनाच्या एकाच ओघात येते. पाहणाऱ्याच्या ध्यानात हळूहळू येते की, बुडणार आहे ती केवळ मालमत्ता नव्हे. नोटिशीत घराची लांबी-रुंदी असते, झाडांची संख्या असते. घराच्या ओट्यावरून दिसणारी नदी, शेजारच्या पाड्यावरचे सोयरे, देवाची जागा, मासे धरण्याचा डोह, यांची तेथे रकाने नसतात. सरकारी पंचनाम्यात जे मावत नाही त्याचा पंचनामा या चित्रपटाने केला, असे म्हटल्यास वावगे होणार नाही.

येथे आक्षेप घेणारे दोन प्रकारचे आहेत आणि दोघांचेही म्हणणे गंभीरपणे ऐकावयास हवे. पहिला आक्षेप असा की, पटवर्धन तटस्थ नाहीत. ते कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतात, विसंगत बोलणाऱ्याला बोलू देतात आणि संकलनात त्याच्यासमोर दुसरे सत्य ठेवतात. हा खटला एकतर्फी आहे. नर्मदेच्याच बाबतीत बोलावयाचे तर कच्छ-सौराष्ट्राच्या तहानेचे काय? हा प्रश्न खानदेशात तरी झटकून टाकता येत नाही. तापी आणि गिरणेच्या काठी केळी पिकविणाऱ्याला आणि उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणाऱ्याला पाण्याचे मोल शिकवावे लागत नाही. नर्मदेचे पाणी पुढे कच्छ-सौराष्ट्रात पोहोचले, ही वस्तुस्थिती आहे आणि ती मान्य करूनच बोलले पाहिजे. त्या शेतकऱ्याचे म्हणणे या चित्रपटात अधिक आले असते तर तो अधिक भक्कम झाला असता, असे एखाद्या मित्राने म्हटले तर ते खोटे नाही.

परंतु तटस्थतेचा खरा अर्थ काय? ज्या वादात एका बाजूला राज्य सरकारे, बँक, अभियंते, पोलीस, दूरदर्शन आणि वृत्तपत्रांतील पानपानभर जाहिराती आहेत आणि दुसऱ्या बाजूला सातबारा नसलेला पावरा आहे, त्या वादात दोघांना समान मिनिटे देणे म्हणजे मूळची विषमता जशीच्या तशी राखणे होय. लाभार्थ्याची बाजू सांगण्यासाठी सारी यंत्रणा होती. बुडणाऱ्याची बाजू सांगण्यासाठी कोणी नव्हते. शिवाय साक्षीदाराला बाजू असणे आणि साक्ष खोटी असणे, या दोन निराळ्या गोष्टी आहेत. गीता प्रवचने उतरवून घेणारे साने गुरुजी काही विनोबांविषयी तटस्थ नव्हते. त्यांचे प्रेमच होते. म्हणून त्यांनी लिहिलेला शब्द अविश्वसनीय ठरत नाही. साक्षीदाराची कसोटी एवढीच की, त्याने पाहिले नाही ते सांगू नये आणि गैरसोयीचे दिसले तर लपवू नये. ‘हमारा शहर’मधील त्या बाईचा प्रश्न ज्याने स्वतःच्याच चित्रपटात ठेवला, तो या कसोटीला उतरतो.

दुसरा आक्षेप अधिक जिव्हारी लागणारा आहे. चित्रपट निघाला, पारितोषिके मिळाली, परदेशांत वाखाणणी झाली, पण धरण थांबले का? नाही. १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने बांधकाम थांबविले होते. १९९९ मध्ये ते पुन्हा सुरू झाले, १८ ऑक्टोबर २००० च्या निकालाने त्याचा मार्ग मोकळा झाला, २०१७ साली दरवाजे बंद झाले आणि सप्टेंबर २०१९ मध्ये जलाशय १३८.६८ मीटरच्या पूर्ण पातळीपर्यंत भरला. मग या साक्षीचा उपयोग काय?

उत्तर असे की, साक्षीचा उपयोग निकालाच्या दिवशी संपत नाही. महाराष्ट्रातील विस्थापितांना जी जमीन मिळाली, तळोदा तालुक्यात सोमावल, रोझवा यांसारख्या ज्या वसाहती उभ्या राहिल्या, त्या सरकारच्या औदार्यातून नव्हे, तर लढ्यातून. लढा टिकण्यासाठी त्याची आठवण टिकावी लागते. आंदोलनाने १९९२ पासून चिमलखेडी, निमगव्हाण येथे जीवनशाळा उभ्या केल्या आणि मुलांना त्यांच्या बोलीतून शिकविण्यास आरंभ केला. वसाहतीत जन्मलेल्या मुलाने आपले मूळ गाव पाहिलेले नाही आणि ते त्याला कधी पाहताही येणार नाही. त्याचा आजा कोठे राहत होता आणि का लढला, हे त्याला दाखविणारी जी थोडी साधने उरली आहेत त्यांत हा चित्रपट आहे. तापीवरील उकाई धरण १९७२ साली पुरे झाले. त्याच्या जलाशयाखालीही तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातील गावे गेली. त्या गावांची आठवण आज किती जणांना आहे, याचा विचार केला म्हणजे नोंद असणे आणि नसणे यांतील अंतर कळते.

असे काम करणाऱ्याची वाट सुखाची नसते. सरकारी पारितोषिक एका हाताने द्यावयाचे आणि दुसऱ्या हाताने चित्रपट अडवावयाचा, असा अनुभव पटवर्धनांना वारंवार आला. ‘राम के नाम’ला शोधात्मक चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले, पण दूरदर्शनने तो दाखविण्यास नकार दिला आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानंतरच तो दिसला. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ या १९९५ च्या पटासाठी सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. तेथील निकाल २००६ चा. पोखरणच्या अणुस्फोटानंतरच्या युद्धज्वरावरील ‘जंग और अमन’ (२००२) मध्ये सेन्सॉर मंडळाने २१ काटछाटी सुचविल्या. त्यांतील एकही न स्वीकारता ते उच्च न्यायालयात गेले आणि २००३ साली चित्रपट अखंड मोकळा झाला. हे खटले एका व्यक्तीच्या हट्टाचे नव्हते. दूरदर्शन जनतेच्या पैशाने चालते, म्हणून जनतेला माहिती मिळण्याचा हक्क आहे, हे तत्त्व त्यांतून पुनःपुन्हा मांडले गेले. २००४ साली मुंबईच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवाच्या वेळी अनुबोधपटकारांनी ‘विकल्प’ हा समांतर महोत्सव भरविला, त्यामागेही हीच भूमिका होती.

आता विलास घोगरेंकडे परत यावे. ११ जुलै १९९७ रोजी मुंबईतील रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. तिच्या निषेधार्थ जमलेल्या जमावावर पोलिसांनी गोळीबार केला आणि १० जण ठार झाले. त्यानंतर थोड्याच दिवसांत घोगरेंनी आत्महत्या केली. ज्याचे गाणे आपल्या चित्रपटात होते तो माणूस का गेला, या प्रश्नाचा पाठपुरावा पटवर्धनांनी १४ वर्षे केला. खटला, आयोग, शाहिरांच्या नव्या पिढ्या, दलित वस्त्यांतील सभा, नेत्यांच्या कोलांट्या, सारे टिपत ‘जय भीम कॉम्रेड’ २०११ साली पुरा झाला. झोपडपट्टीतील त्या बाईच्या प्रश्नाचे उत्तर शोधावयाचे तर ते या १४ वर्षांत शोधावे. कॅमेरा तेथून निघून गेला नव्हता. पुढे दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी आणि गौरी लंकेश यांच्या हत्यांच्या पार्श्वभूमीवर त्यांनी ‘विवेक’ (२०१८) केला, आणि २०२३ साली स्वतःचे आईवडील, काका आणि स्वातंत्र्यलढा यांच्यावरील ‘वसुधैव कुटुंबकम्’. पन्नास वर्षांच्या या कारकीर्दीत विषय बदलले, साधने सुपर-८ पासून डिजिटलपर्यंत बदलली. दीर्घ काळ पाहावयाचे, पीडिताच्या बाजूस उभे राहून पाहावयाचे आणि जे पाहिले ते त्याच्यापर्यंत परत न्यावयाचे, ही पद्धत बदलली नाही.

मित्रहो, आज कॅमेरा दुर्मिळ राहिलेला नाही. सातपुड्यातील पाड्यावरही भ्रमणध्वनी पोहोचला आहे आणि प्रत्येक मोर्चात शेकडो हात वर करून चित्रण करीत असतात. उणीव आहे ती धीराची. अर्ध्या मिनिटाची चित्रफीत संध्याकाळपर्यंत लाखोंनी पाहिली जाते आणि दुसऱ्या दिवशी विसरली जाते. तिच्यावर तारीख नसते, गावाचे नाव नसते, बोलणाऱ्याचे नाव नसते. ती पुरावा होऊ शकत नाही आणि इतिहासही होऊ शकत नाही. खानदेशातील कार्यकर्त्यांनी आणि महाविद्यालयीन तरुणांनी या कारकीर्दीपासून काही घ्यावयाचे असेल तर ते हे. एक प्रश्न निवडावा आणि तो वर्षानुवर्षे धरून ठेवावा. तळोद्याच्या वसाहतींत कोणाला किती आणि कशी जमीन मिळाली, वनहक्काचे दावे कोठे अडले, ऊसतोडीला गेलेल्या कुटुंबाची मुले शाळेत परत आली की नाही, जळगावच्या केळीबागांत राबणाऱ्या मजुराला प्रत्यक्षात काय मजुरी पडते, असे कितीतरी विषय पाहणाऱ्याची वाट पाहत आहेत. टिपलेले नीट लावून, नावे-तारखा घालून एखाद्या ग्रंथालयात जपावे. आणि ते प्रथम ज्यांचे आहे त्यांच्याच वस्तीत, पांढरी चादर टांगून का होईना, दाखवावे. त्यांनी चूक दाखविली तर दुरुस्त करावे.

राजवाड्यांनी जमविलेल्या दप्तरांत राजेरजवाड्यांचे, देशमुख-कुलकर्ण्यांचे कागद पुष्कळ आहेत. ज्यांच्यापाशी कागदच नव्हता, त्यांचे दप्तर गोळा करण्याचे काम अद्याप व्हावयाचे आहे. पटवर्धनांनी आणि धुरूंनी नर्मदाकाठी त्याचा आरंभ केला. ते पुढे चालविण्यास चित्रपटाचे शिक्षण लागतेच असे नाही. पायी चालण्याची तयारी लागते आणि ज्याचे ऐकावयाचे त्याच्याविषयी आदर लागतो. ही शिदोरी खानदेशाजवळ पूर्वीपासून आहे.